मायनं सांगितलं होतं, तोंडाला झोंबायलंय

चुडाव्याच्या स्टेशनवर गाडी जेमतेम दोन मिनिटं थांबते. मी नर्स म्हणून मस्कतला निघाले, तेव्हा मायनं तेवढ्या वेळात खिडकीतून एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगितली, "तक्कू मुंबईपस्तोरच खा. पुढं टिकत न्हाई." माझा भाऊ दिलीप बॅग आत ढकलत होता आणि मी पासपोर्ट चाचपत होते. मायकडे नीट पाहायचंही राहून गेलं.

तक्कू म्हणजे आमच्याकडची उन्हाळ्यातली ताजी चटणी. कैरी आणि कांदा किसायचा, गूळ, मीठ, तिखट कालवायचं, वर मोहरी-मेथीची फोडणी. घटकाभरात पाणी सुटतं, मग एका भाकरीवर कुणाचं भागत नाही. मायचा तक्कू लालभडक. तिखटाला तिनं कधी हात आखडला नाही.

मस्कतला कैरी बारा महिने मिळते. दुसऱ्या उन्हाळ्यात, ड्युटीवरून आल्यावर, मी फोन स्पीकरवर ठेवून कैरी किसत होते. माय म्हणाली, "यंदा मला तक्कू खाता येईना गं. तोंडाला लय झोंबायलंय. गालात आतून चट्टा हाय."

"उन्हानं तोंड आलं असंल," मी म्हणाले. "गोळ्या सांगते, त्या घे. आन् मिश्री लावणं सोड."

माझी फोडणी जळत होती. मी फोन ठेवला. वॉर्डात कुणी पेशंट असं बोलला असता, तर मी आधी टॉर्च घेऊन त्याचं तोंड पाहिलं असतं. कितीतरी वर्षं तंबाखूची मिश्री लावणाऱ्या बाईच्या गालात चट्टा म्हणजे काय असू शकतं, हे मला पुस्तकातून पाठ होतं. माय मात्र मला पेशंट वाटलीच नाही.

सात महिने मी गोळ्यांचंच विचारत राहिले. मग दिलीपचा फोन आला. मायचं तोंड दोन बोटंसुद्धा उघडत नव्हतं.

संभाजीनगरला ऑपरेशन झालं, आतून गाल काढला, पुढे किरणांचा शेक दिला. माय वाचली. चव मात्र गेली.

पुढच्या मे महिन्यात मी सुट्टीवर आले, तर ती किसणी घेऊन बसलेली. माझ्यासाठी तक्कू करायचाच, हा तिचा हट्ट. वाटी पुढे सरकवून म्हणाली, "मीठ बराबर हाय का?"

तक्कू खारट झाला होता. "एकदम बराबर," मी म्हणाले आणि पाण्याचा तांब्या उचलला.

"खोटं बोलायलीस."

मग मला राहवलं नाही. "माय, तू फोनवर सांगितलंस, तव्हाच मला कळाया पाहिजे व्हतं."

ती परातीतला उरलेला कीस गोळा करत राहिली. आता तिचे शब्द घासत बाहेर येतात. "तू दवाखान्यात हायेस म्हणून तर तुला सांगितलं व्हतं," ती म्हणाली. "दुसऱ्या कुणाला न्हाई सांगितलं."



गावात राहिलेल्यांना वाटतं, आम्ही गेलो आणि सुटलो. गेलेल्यांना वाटतं, रोज फोन केला की झालं. मीही रोजच करत होते.

आता शुक्रवारी, माझ्या सुट्टीच्या दिवशी, व्हिडिओ कॉलवर माय तोंड उघडते, दिलीप टॉर्च धरतो आणि मी दिसेल ते तिला सांगते. माझ्यासाठी घर म्हणजे आता एवढंच उरलंय, आणि तेवढं तरी मला चुकवायचं नाही. मध्यंतरी टाक्यांजवळ पांढरं दिसलं.

"काय दिसायलंय? खरं सांग," तिनं विचारलं.

"पांढरं हाय, माय. उद्याच्या उद्या गाडी करून निघा."

टॉर्चचा उजेड हलला. माय म्हणाली, "बरं. निघतो आमी."

तपासणीत या वेळी काही निघालं नाही. रिपोर्ट येईपर्यंतचे आठ दिवस मी ड्युटी कशी केली, मला आठवत नाही. पुढच्या शुक्रवारी फोन लागला, तेव्हा मी काही म्हणायच्या आधीच मायनं तोंड उघडलेलं होतं.