पोत्यावर ‘न्हाई’ चालत नाही

रेश्माचा फोन आला तेव्हा मी मेथी निवडत होते. रेश्मा म्हणजे माझ्या बालमैत्रिणीच्या, शालनच्या नाटकमंडळीतली सगळ्यात जुनी मुलगी. “सुनंदामावशी, ताई गेल्या,” एवढंच ती म्हणाली आणि माझ्या तोंडून निघालं, “न्हाई!” उभी हयात शाळेत पोरांचं ‘न्हाई’ खोडून ‘नाही’ करण्यात गेली माझी, पण ऐन वेळी आमच्या काष्टी गावचंच ‘न्हाई’ धावून आलं. फोन ठेवल्यावर वाटलं, आत्ता शालन असती तर कपाळाला हात लावून म्हणाली असती, “सुनंदे, पुन्हा तेच व्हय गं?” कारण त्या शब्दाशी तिचं जन्माचं वाकडं होतं…

त्याचं मूळ तिच्या आईत. पारूमावशी काष्टीच्या आठवडे बाजारात पोतं अंथरून लाल मिरची विकायची, आणि आम्ही दोघी शाळा सुटली की तिच्या शेजारी जाऊन बसायचो. गिऱ्हाइकाला ‘न्हाई’ म्हणायचं नाही, हा मावशीचा नेम. एखादी बाई नाक मुरडून म्हणायची, “ह्या मिरचीला तिखटपना न्हाई.” मावशी लगेच, “व्हय बाई, अन् म्हनून तर ही सासूला चालती! सुनंला झोंबवायची आसंल तर ही दुसरी घ्या.” बाई हसत सुटायची आणि दोन्ही घेऊन जायची. शालन हे डोळे मोठे करून बघायची. मी मात्र शिंकत असायचे.

शाळेच्या स्नेहसंमेलनात मी डॉक्टर झाले होते आणि ती पेशंट. बाईंनी लिहून दिलेलं मी पोपटासारखं पाठ केलेलं. शालन आली आणि भलतंच म्हणाली, “डाक्टर, माझ्या पोटात कोंबडा आरवतोय.” मी भर स्टेजवर ओरडले, “न्हाई! आपल्या नाटकात कोंबडा न्हाई!” सगळा मांडव हसला, पण नाटक तिथंच आडवं झालं. पुढं साऱ्या जन्मात कुठंही भेटली की ती चारचौघांत विचारायची, “काय डाक्टर, कोंबडा सापडला का?”

कॉलेजला पुण्यात गेल्यावर तिनं उत्स्फूर्त अभिनयाची कार्यशाळा केली. हातात संहिता नाही, समोरचा जे बोलेल ते मान्य करायचं आणि त्यात आपली भर घालायची. सरांनी नियम सांगितला तेव्हा ही उठून म्हणाली, “सर, हे तर माझी आई दर बाजाराला करती.” वर्ग हसला. सर हसले नाहीत. म्हणाले, “मग तू इथं शिकायला नाही, शिकवायला आलीस.” हे तिनं मला पत्रात लिहिलं होतं. ते पत्र माझ्या कपाटात आहे, आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला मी ते दाखवते. दाखवणारच.

पुढं मुंबईत एका मालिकेत तिला काम मिळालं, लिहायलाही मिळालं. घरोघरी तिचा चेहरा ओळखीचा झाला. मग एक दिवस वरून फर्मान आलं, की मॉलमधल्या सरकत्या जिन्यावरून एक गावठी मिरचीवाली धडपडते, असा विनोदी प्रसंग लिहा. शालननं ‘न्हाई’ म्हटलं आणि मालिका सोडून नगरला आली. मी तिला फाडफाड बोलले. “जन्मभर व्हय व्हय केलंस आणि नको तिथं न्हाई म्हणालीस! हातची लक्ष्मी लाथाडलीस.” ती शांतपणे चहा ओतत म्हणाली, “पोत्यावर न्हाई म्हनायचं नसतं, सुनंदे. ते हापिस हुतं. माझी आई लोकान्ला हसवायची. तिला हसायची कुनाची टाप नव्हती.” मला तेव्हा ते पटलं नाही. आज लिहिताना लाज वाटते, पण नव्हतं पटलं.

नगरमध्ये तिनं दुकानाच्या वरचा एक हॉल भाड्यानं घेतला, आईचं तेच पोतं मधोमध अंथरलं आणि पोरी गोळा केल्या. पोत्यावर पाय ठेवला की ‘न्हाई’ बंद. तिथंच बोलता बोलता तिचं मिरचीवालीचं नाटक उभं राहिलं. लिहिलं तिनं, बसवलं तिनं, मिरचीवालीही तीच. राजूरच्या प्रयोगात एक म्हातारेबाबा खरंच उठून स्टेजपाशी आले आणि म्हणाले, “पोरी, पावशेर कशी दिली?” रेश्मा विंगेत घाबरली. शालन पोतं थोडं पुढं ओढून म्हणाली, “बसा बाबा. आदी सांगा, घरात सैपाक कोन करतं?” वीस मिनिटं दोघांची जुगलबंदी चालली! तो प्रसंग मग कायमचा नाटकात आला. पुण्या-मुंबईची नाट्यगृहं भरली, आणि मालिकेतले तेच लोक तिकीट काढून बसले. मी पहिल्या रांगेत होते. त्या दिवशी मला पटलं.

दुखणं महिनाभराचंच झालं. ती गेल्यावर पाच आठवड्यांनी रेश्मानं मला हॉलवर बोलावलं. काष्टीचा प्रयोग ठरलेला, तो रद्द करायचा का, हे पोरींना सुचेना. पोतं अंथरलेलं होतं, पण पाय ठेवायची कुणाची हिंमत होत नव्हती. सगळ्या भिंतीला टेकून रडत होत्या. मी, पडेल नट, चपला काढून पोत्यावर जाऊन बसले. इतक्या वर्षांनीसुद्धा त्यातून मिरचीचा खकाणा उठला आणि मला सटासट तीन शिंका आल्या. पोरी रडता रडता हसल्या. रेश्मा डोळे पुसत गिऱ्हाईक होऊन पुढं आली, समोर उकिडवी बसली.

“मावशी… शालनताई गेल्या म्हनं.”

तोच शब्द पुन्हा ओठावर आला होता. पण मी पोत्यावर होते.

“व्हय गं बाई, गेली,” मी म्हणाले. “अन् जाताना पोतं आपल्याकडं ठिवून गेली. बोल, किती मिरची देऊ?”