दोन उजवी फुप्फुसं

आमच्या शेजारच्या वहिनी एकोणीस वर्षं प्लास्टरची पोटं रंगवताहेत. शरीरशास्त्र शिकवायला कॉलेजात जो अर्धा माणूस ठेवतात, पुढचं झाकण काढलं की आतले अवयव सुटे होणारा, तो त्यांच्या कारखान्यात बनतो. तिथली रीत अशी, की एका पोकळीला एक टेबल. कवटीच्या टेबलावर मेंदू, छातीच्या टेबलावर हृदय नि फुप्फुसं, पोटाच्या टेबलावर यकृत, जठर, प्लीहा आणि आतड्यांचं भेंडोळं. वहिनी पोटाच्या टेबलावर. दुसऱ्याच्या टेबलावर नाक खुपसायचं नाही, हा नियम. मी तिथे पहिल्या चहापर्यंतही टिकलो नसतो.

त्यांची लेक नर्सिंगला आहे. शरीररचनेच्या तोंडी परीक्षेत ती एकदा आपटली. परीक्षकांनी प्लीहा कुठे असते विचारलं, तर हिने छातीवर हात ठेवला. आता दुसरी संधी, आणि तीच शेवटची. पुन्हा नापास झाली, तर कॉलेजातून नावच कमी होणार होतं.

पोटाच्या बाईची लेक प्लीहेवर नापास झाली, हे वहिनींच्या फारच जिव्हारी लागलं. त्यांनी कारखान्यातला टाकाऊ माल मागून आणला आणि घरातलं लोखंडी कपाट रिकामं केलं. माथ्यावरच्या पत्र्याच्या डब्यात मेंदू. वरच्या कप्प्यात हृदय आणि फुप्फुसं. त्याखालची फळी म्हणजे श्वासपटल, छाती आणि पोट यांच्यामधला पडदा. फळीखाली उजवीकडे यकृत, डावीकडे जठर आणि त्याच्या मागे प्लीहा. तळाच्या कप्प्यात ओटीपोट, म्हणजे मूत्राशय वगैरे मंडळी. साड्या सहा आठवडे खुर्चीवर.

रोज संध्याकाळी लेकीने डोळे मिटून हात घालायचा आणि हाताला लागेल त्याचं नाव, पोकळी नि शेजारीपाजारी सांगायचे. मी बघायला जायचो. शेजाऱ्यांची माहिती म्हटल्यावर मला राहवेना.

पहिल्याच आठवड्यात मी म्हणालो होतो, की तुमची ही फुप्फुसं बसमधल्या दोन प्रवाशांसारखी एकाच बाजूला कललीत. वहिनी म्हणाल्या, भावजींना कपाटातही भांडण दिसतं. दोष माझाच. गेली वीस वर्षं मी इतकी थट्टा केलीय, की माझं खरं बोलणं कोणी हिशेबातच धरत नाही.

परीक्षेच्या दिवशी लेक सकाळीच गेली. मी वर्तमानपत्र परत करायला गेलो, तेव्हा वहिनी कपाटासमोर उभ्या होत्या. जाता जाता मी पुन्हा तेच म्हणालो.

वहिनींनी दोन्ही फुप्फुसं उचलली, उलटीपालटी केली. दोन्हींवर दोन-दोन खाचा. तीन-तीन खण. आणि तळाला दोन्हींवर साच्याचा तोच 'उ' कोरलेला.

"भावजी," त्या अगदी शांतपणे म्हणाल्या, "ही दोन्ही उजवीच आहेत."

मग उलगडा झाला. उजव्या फुप्फुसाच्या साच्यात बुडबुडा धरायचा, म्हणून टाकाऊ निघायची ती सगळी उजवीच. डाव्याचा साचा इतका गुणी, की त्यातून वाईट माल कधी निघालाच नाही. आणि दुसऱ्या टेबलाकडे बघायचं नाही म्हणून वहिनींनी एकोणीस वर्षांत डावं फुप्फुस कधी निरखलंच नव्हतं. लेक सहा आठवडे घोकत होती, डावीकडे तीन, उजवीकडे तीन.

तिचा फोन बंद. मी स्कूटर काढली. वाटेत कारखाना. वहिनी आत गेल्या, एकोणीस वर्षांत पहिल्यांदा छातीच्या टेबलापाशी थांबल्या आणि टॉवेलात काहीतरी गुंडाळून बाहेर आल्या. कॉलेजच्या फाटकावर पहारेकऱ्याने टॉवेलात काय आहे विचारलं.

"डावं फुप्फुस," वहिनी म्हणाल्या.

त्याने मला विचारलं, "आणि तुमचं काय काम?"

"मी उजव्या बाजूने आलोय," मी म्हणालो. त्याने वहिनींना सोडलं. मला मात्र बाहेरच ठेवलं.

पुढचं लेकीने सांगितलेलं. ती रांगेत तिसरी होती. आईने टॉवेल सोडून फुप्फुस तिच्या हातात दिलं. "एकच खाच. दोनच खण. इथे बघ, कडेला खळगा. हृदय डावीकडे झुकतं, त्याला जागा द्यायला." एवढं बोलून आईने प्लास्टर परत टॉवेलात गुंडाळलं.

आत परीक्षकांनी प्लीहा विचारली. लेकीने डोळे मिटूनच टेबलावरच्या अर्ध्या माणसात हात घातला आणि काढून दिली. त्यांनी यकृत विचारलं, श्वासपटल विचारलं, ओटीपोटात काय काय ते विचारलं. मग शेवटी डावं फुप्फुस हातात दिलं. लेकीने दोन खण सांगितले आणि न विचारता कारणही.

"कोणी शिकवलं?"

"आईने."

"डॉक्टर आहेत?"

"नाही सर. पोट रंगवते."

परीक्षकांनी मान न उचलता 'उत्तीर्ण' लिहिलं.

कपाटात आता साड्या परतल्या आहेत. डावं फुप्फुस वहिनींनी दुसऱ्या दिवशी छातीच्या टेबलावर नेऊन ठेवलं आणि तिथल्या बाईंची माफीही मागितली. दोन उजव्यांपैकी एक मला मिळालं. माझं दार वाऱ्याने आपटायचं, ते आता आपटत नाही.