चुकीचं वाक्य सांगणारा भाऊ

"मॅडम, समझ तो सब आ रहा है आपको. सिर्फ शब्द अटक रहे हैं," गोंदियाचे डॉक्टर म्हणाले, आणि मला असा काही राग आला! 'मग सोडवा ना ते शब्द,' असं म्हणायचं होतं. तोंडातून नुसतं "म... म..." निघालं.

मालिका लिहिणं, त्या दिग्दर्शित करणं आणि त्यांची निर्मिती करणं हा माझा धंदा. इतकी वर्षं दुसऱ्यांच्या तोंडी वाक्यं घातली आणि आता स्वतःला 'पाणी' म्हणता येईना.

आजाराचं नाव इस्केमिक स्ट्रोक. मेंदूला रक्त नेणाऱ्या वाहिनीत गुठळी अडकते. त्यातून मला झाला अफेझिया, म्हणजे सगळं कळतं, पण नेमका शब्द हाती लागत नाही.

स्ट्रोकच्या आदल्या रात्री माझ्या माहेरच्या गावी, आमच्या केशोरीत मंडई होती, त्यासाठीच मी मुंबईहून आले होते. दिवाळीनंतरच्या या जत्रेत रात्रभर नाटक चालतं आणि दुसऱ्या दिवशी अख्खं गाव पेंगत, अडखळत बोलतं. म्हणून सकाळी माझी जीभ जड झाली तेव्हा वहिनी म्हणाली, "जागरन झालं. झोपा जराशा, बाई." मीही आडवी होणारच होते! तेवढ्यात उजव्या हातातला कप निसटला. धान कापायला निघालेला भाऊ माझ्याकडे बघून थबकला.

"तोंड वाकडं होऊन राहिलं हिचं! गाडी काढा!"

तुमच्या घरी कुणाचं तोंड वाकडं झालं, हात लुळा पडला किंवा बोलणं अडखळलं, तर कृपा करून त्याला झोपवू नका, थेट दवाखाना गाठा. सीटी स्कॅन होऊन गुठळी विरघळवणारं इंजेक्शन मला वेळेत मिळालं, म्हणून आज हे लिहिते आहे.

हातात ताकद परत येऊ लागली. शब्द मात्र येईनात. आणि तिकडे मुंबईत माझी मालिका संपत आली होती, शेवटचे भाग लिहायचे होते. ती दाखवणाऱ्या टीव्ही वाहिनीच्या माणसाचा भावाला फोन आला. "ताईंना आराम करू दे. शेवट आम्ही दुसऱ्याकडून लिहून घेतो." मला सगळं ऐकू आलं. माझ्या नायिकेचं शेवटी काय होणार हे मला पक्कं ठाऊक होतं आणि ते सांगता येत नव्हतं. मी उशीत तोंड खुपसून रडले.

मग स्पीच थेरपिस्ट आली. बोलणं परत शिकवणारी ही तरुण मुलगी 'पा' म्हणायची आणि पुढचं 'णी' मी पूर्ण करायचं. याला फोनेमिक क्यू म्हणतात, म्हणजे शब्दाचा पहिला आवाज देऊन तो ओढून काढणं.

भाऊ खाटेशेजारी बसून बघत होता. एकदम उठलाच. "हे त प्रॉम्प्टिंग होय! मी हेच त करतो!"

खरंच होतं. मंडईच्या नाटकात पडद्याआडून नटांना वाक्यं पुरवायचं काम वर्षानुवर्षं त्याचंच. त्या दिवसापासून त्यानं मला नट करून टाकलं. कॉलेजात असताना मी मंडईसाठी पहिलं नाटक लिहिलं होतं, त्यातली वाक्यं तो अर्धी सोडायचा. मी ढिम्म.

मग त्यानं हुकमी पत्ता काढला. एखादा नट स्टेजवर गोठला आणि बरोबर वाक्यानं हलेना, तर भाऊ मुद्दाम चुकीचं वाक्य सांगतो. नट चिडतो आणि चिडून खरं बोलतो.

"तुझ्या मालिकेतली नायिका सासर सोडताना काय म्हन्ते?" भाऊ भोळा चेहरा करून म्हणाला. "'मले माफ करा, चुकली मी.'"

माफ करा? माझी नायिका?

"नाही!" मी किंचाळले. "माफी... नाही! मान... मान वर करून... जाते मी!"

शेजारच्या खाटेवरची आजी टाळ्या वाजवायला लागली. वहिनी रडायला लागली. थेरपिस्ट हसत म्हणाली, "रोज चिडवा त्यांना!"

आणि भावानं मला रोज चिडवलं! वाहिनीला फोन मीच केला. "शेवट... मी... लिहिणार." एवढ्याशा वाक्याला घाम फुटला, पण वाहिनीवाले थांबले. घरी भाऊ कागद घेऊन बसे, चुकीचे संवाद सुचवी, मी भांडून खरे सांगे. पूर्वी माझी पात्रं भाषणं ठोकत. आता दोन-चार शब्दांत बोलू लागली, आणि मला ती जास्त आवडली.

मुंबईला परतून शेवटचा भाग मीच दिग्दर्शित केला. तो लागला त्या दिवशी भावाचा फोन आला.

"पाहिलं, बाई. शेवटी नायिका काय म्हन्ते? 'मी इथंच राहीन'?"

"मुळीच नाही! ती म्हणते, 'मी निघाले, दार उघडं ठेवा.' आणि भाऊ, तू मुद्दाम चुकीचं बोलून राहिला, समजते मले!"



"एकदाही अडखळली नाही तू," तो म्हणाला. "आता प्रॉम्प्टरले सुट्टी दे, बाई."