हॉलची भिंत अजून आपली नाही

सीताबर्डीच्या एका दुकानात मी पडद्याचं कापड बघत होते. शेवाळी घ्यावं की मातकट, हे ठरत नव्हतं आणि दुकानदार कंटाळला होता. तेवढ्यात वहिनीचा फोन आला. "शोभाबाई, धंतोलीले या लवकर. यायले घेऊन आलो..." यायले म्हणजे दादाला. दवाखान्याचं नाव तिने दोनदा सांगितलं, पण ते माझ्या डोक्यात काही शिरलं नाही. धंतोलीत एकेका गल्लीत दवाखान्यांची रांग, त्यामुळे ऑटोवाल्याने आधी भलत्याच दारात नेऊन उतरवलं. बरोबर ठिकाणी पोचले तोवर दादा गेला होता. वहिनी बाकावर बसली होती, तिची मुलगी प्रज्ञा उभी होती, आणि माझ्या मुठीत पडद्याच्या कापडाचा नमुना तसाच होता. ते पडदे दादाच्याच हॉलसाठी होते. आज सव्वा महिना होत आला, तरी माझं डोकं काही ठिकाणावर आलेलं नाही. त्यामुळे लिहिताना मागचंपुढचं झालं तर सांभाळून घ्या.

दादा म्हणजे माझा थोरला भाऊ, वसंत. कळमेश्वरच्या एमआयडीसीत एका कारखान्यात तो मशीनवर होता. सकाळी कंपनीच्या बसने जायचा, संध्याकाळी बसमधल्या गप्पा घेऊन घरी यायचा. अतिशय बोलका आणि अतिशय हट्टी. त्याच्याशी वाद घालणं म्हणजे पालथ्या घड्यावर पाणी... पण तुमच्या घरी काही अडलं तर बोलवायच्या आधी हजर. आमचं लहानपण भाड्याच्या खोल्यांत गेलं. बाबा गिरणीत होते, आणि दर दोन-तीन वर्षांनी आमचं बिऱ्हाड हातगाडीवर चढायचं. आई तथागतांची तसबीर ट्रंकेवर भिंतीला टेकवून ठेवायची, कारण खिळा ठोकायची कुठल्याच घरमालकाची परवानगी नसायची. एकदा दादाने शाळेचं दप्तर अडकवायला एक खिळा ठोकला. ठोकठोक ऐकून मालक वर आला आणि म्हणाला, "भिंत काय तुह्या बापाची आहे काय बे?" विचारलं दादाला, पण बाबा शेजारीच उभे होते. त्यांनी खिळा उपटून मालकाच्या हातात दिला. मी लहान होते, मला त्यात एवढं काय झालं ते कळलं नव्हतं. दादाला कळलं असावं, कारण पुढे तो कोणाच्याही घरी गेला की आधी भिंतींकडे बघायचा.

चाळिशीला आला तेव्हा त्याने झिंगाबाई टाकळीत फ्लॅट घेतला. वीस लाखांचं कर्ज, वीस वर्षांची मुदत. आमच्या घराण्यात बँकेने एवढे पैसे दिलेला पहिला माणूस म्हणून आम्ही त्याच्याकडे जरा आदरानेच बघत होतो. गृहप्रवेशाला भंतेजी आले, वंदना झाली, खीर झाली. मी हौसेने भिंतीवरचं घड्याळ नेलं होतं. दादाने ते हातात घेतलं, कौतुक केलं आणि सोफ्यावर ठेवून दिलं. "लाव ना रे," मी म्हटलं. तर म्हणतो, "हॉल अजून आपला नाही झाला वं. त्याले बारा वर्षं आहेत." मला वाटलं, चेष्टा करतोय. पण त्याने घराचे पाच वाटे केले होते. स्वयंपाकघर, प्रज्ञाची खोली, हॉल, नवरा-बायकोची खोली, आणि शेवटी गॅलरी-न्हाणीघर मिळून पाचवा. दर चार वर्षांनी एक वाटा फिटणार आणि फिटेल त्याच भिंतीत खिळा जाणार. स्वयंपाकघर पहिलं, कारण पोटाची खोली आधी सोडवायची. त्याचं हे गणित ऐकून आम्ही सगळ्यांनी माना डोलावल्या. वीसला पाचने भाग जातो, चार येतात. यात चुकायला आहे काय?

चार वर्षं झाली तेव्हा त्याने खरोखरच सगळ्यांना बोलावलं. मेणबत्ती लावली, त्रिशरण म्हटलं, आणि पहिला खिळा वहिनीच्या हातून ठोकवला. मग काय विचारता! आठवडाभरात स्वयंपाकघराच्या भिंतींवर बोट ठेवायला जागा राहिली नाही. कॅलेंडर, चाळण्या, किल्ल्या, छत्र्या, आईबाबांचा फोटो आणि माझं घड्याळसुद्धा तिथेच. हॉलमध्ये बसलेल्या पाहुण्याने किती वाजले विचारलं, की वहिनी आतून ओरडून सांगायची. पुढच्या चार वर्षांनी प्रज्ञाची खोली सुटली, तेव्हाही खीर झाली. हॉल मात्र कोराच. वहिनी कधीकधी वैतागायची. "पाहुणे मले विचारतेत, नवीनच राह्यले आले काय म्हणून! सांगू तरी काय त्यायले?" दादा हसून म्हणायचा, "सांग, मालक येईपर्यंत थांबून राहिलो." मधे एकदा व्याजाचे दर वाढले. शेजारीपाजारी चिंतेत होते, आणि हा गडी बँकेचा मेसेज दाखवत समोसे घेऊन माझ्या घरी आला. "पाह्य शोभे, साऱ्यायचं वाढलं, आपला हप्ता तोच!" हप्ता खरंच तोच होता. मीही आनंदाने समोसे खाल्ले. नंतर आणखी दोनदा असंच झालं आणि त्या दोन्ही वेळी हप्ता तोच राहिला. यंदा बारा वर्षं भरली. हॉलची पाळी आली होती. त्यासाठी मी पडदे बघत होते.

दादाच्या पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम झाल्यावर वहिनी, प्रज्ञा आणि मी बँकेत गेलो. समोर एक तरुण मुलगी होती, बोलायला फार चांगली. तिने स्क्रीन आमच्याकडे वळवली आणि बाकी रक्कम दाखवली. पंधरा लाख. मला वाटलं, दुसऱ्याच कोणाचं खातं उघडलं. वीस घेतले होते, बारा वर्षं न चुकता हप्ते गेले, सगळे मिळून अठ्ठावीसच्या जवळपास भरले, आणि बाकी पंधरा? आणि पुढे? तर पुढे अजून बारा वर्षं. म्हणजे दादा आठ समजत होता, ती बारा. मुलगी म्हणाली, "मॅडम, दर वाढला तेव्हा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवलेली आहे." शिवाय सुरुवातीच्या वर्षांत हप्त्यातला बहुतेक पैसा व्याजातच जातो, मुद्दल अगदी थोडं थोडं फिटतं, असंही तिने समजावलं. सगळं मिळून वीस लाखांच्या कर्जापायी पंचावन्न लाखांच्या आसपास जाणार होते. मी मान हलवत होते. कळल्यासारखं वाटायचं आणि तिचं वाक्य संपलं की पुन्हा धुकं. शेवटी मी विचारलं, "म्हणजे फिटले पाच लाख. पाच लाख म्हणजे किती खोल्या झाल्या हो?" तिने पुन्हा स्क्रीनकडे बघितलं. मीच मनाशी मांडलं, एक वाटा चार लाखांचा. म्हणजे स्वयंपाकघर फिटलं, आणि प्रज्ञाच्या खोलीची जेमतेम एक भिंत. पहिल्या खिळ्याच्या दिवशी तर ओटा तेवढा फिटला असेल! हॉल कुठल्याकुठे राहिला. मी हे बोलून दाखवलं तेव्हा ती मुलगी कळवळून म्हणाली, "अहो, असं नसतं. घर पहिल्या दिवसापासून त्यांचंच होतं, त्यांच्या नावावर. आमच्याकडे ते फक्त गहाण आहे... अख्खं."

अख्खं त्याचं आणि अख्खं गहाण. हे दोन्ही एकाच वेळी खरं कसं असतं, ते मला अजूनही नीट उमगलेलं नाही. मी शाळेत मराठी शिकवते, पैशाच्या बाबतीत माझी अक्कल बेताचीच. पण मग मी गणिताच्या सरांना विचारलं, नवऱ्याला विचारलं, सोसायटीतल्या एका निवृत्त कॅशियर काकांना विचारलं, आणि प्रत्येकाने मला कागदाशिवाय, हवेत बोटं फिरवून ते समजावलं. सगळ्यांचं म्हणणं एकच असावं, फक्त मला ते तीन वेगळी म्हणणी वाटली. ते जाऊ द्या. व्याज महाग असतं, हे शेवटी माझ्याही डोक्यात शिरलं. जे शिरत नाही ते दुसरंच आहे. घर त्याचंच होतं, तर त्या मुलीला जे एका वाक्यात सांगता आलं, ते बारा वर्षांत कोणीच त्याला का सांगितलं नाही? की सांगितलं असतं तरी त्याने ऐकलं नसतं? मला राग येतो. कोणाचा, ते ठरत नाही. दादा मूर्ख नव्हता हो. त्याने घर विटांसारखं मोजलं, इतक्या रचल्या, इतक्या राहिल्या. ज्या माणसाने जन्मभर महिन्याचं भाडं बघितलं, तो दर महिन्याला जाणारा हप्ता बघणार, मुदत कशाला बघेल! कर्जासोबत विमाही घ्या म्हणून बँकेने तेव्हा सुचवलं होतं, वहिनीला आठवतं. त्यावर हा म्हणाला होता, "मेल्यावरची गोष्ट जित्या माणसाले काहून सांगता?" आणि सगळे हसले होते.

आता प्रश्न वहिनीपुढे होता. दादाचे कारखान्याकडून मिळणारे पैसे कर्जात टाकले, तर बरंचसं कर्ज फिटतं, पण हाती काही उरत नाही आणि प्रज्ञाचं नर्सिंगचं शेवटचं वर्ष अजून बाकी आहे. घर विकलं तर कर्ज फिटून हातात चार पैसे राहतात, पण मग पुन्हा भाड्याची खोली. माझ्या नवऱ्याने विकण्याचा सल्ला दिला, कॅशियर काकांनीही तोच दिला. मीही तेच म्हणाले असते, पण माझ्या तोंडून ते निघत नव्हतं. वहिनी सगळ्यांचं ऐकून घ्यायची आणि "पाहू" म्हणून उठायची. मग नवऱ्याच्याच ओळखीतलं एक जोडपं घर बघायला येतो म्हणालं, तेव्हा तिने नाही म्हटलं नाही. मी आदल्या दिवसापासून तिच्याकडेच होते. सकाळी तिने फरशी पुसली, चहा टाकला. दादाचा फोटो फ्रेम होऊन आला होता, तो हॉलमध्ये खुर्चीवर ठेवलेला, भिंतीला टेकवून.

जोडपं भलं होतं. नवरा नळ सोडून बघत होता, बायको खोल्या बघत होती. स्वयंपाकघरातल्या खिळ्यांची गर्दी बघून तिने जरा नाक मुरडलं. मग हॉलमध्ये आली आणि एकदम खूश झाली. भिंतीवरून हात फिरवत नवऱ्याला म्हणाली, "अहो, पाह्यलं काय? एक भोक नाही कुठं. रंगाचा खर्च वाचला आपला." आणि वहिनीकडे वळून अगदी सहज विचारलं, "बंदच होता काय फ्लॅट? कोणी राहतच नव्हतं वाटते इथं?"

वहिनीच्या हातात चहाचा ट्रे होता. तिने तो खाली ठेवला. माझ्याकडे बघितलं, मग खुर्चीवरच्या फोटोकडे. मला वाटलं, रडेल आता. पण ती त्या बाईला म्हणाली, "राहत होतो ना. बारा वर्षं राहिलो." मग कप पुढे करून, "चहा घ्या तुमी. पण आमाले विकायचं नाही."

हिशेबाने हे बरोबर झालं की चूक, ते मला विचारू नका. मला खरंच माहीत नाही. दादाचे बरेचसे पैसे कर्जात जातील, उरलेल्याचा लहान हप्ता वहिनी मेसचे डबे करून भरणार आहे, आणि बँकेतल्या मुलीला ती बजावून आली आहे की यापुढे दर वाढला तर हप्ता वाढवा, वर्षं वाढवू नका. माझा नवरा अजून डोक्याला हात लावतो. ते जोडपं गेलं त्याच दुपारी वहिनीने शेजारून हातोडी मागून आणली. मी म्हटलं, "थांबा, मिस्त्रीले बोलावू." ती थांबली नाही. पदर खोचला, स्टुलावर चढली आणि हॉलच्या ऐन मधल्या भिंतीवर खिळा धरून घाव घातला. पहिला घाव चुकला. तळव्याएवढा पोपडा उडाला आणि तिच्या पायाशी पडला. दुसऱ्या घावाला खिळा बसला, थोडा वाकडा. तिने दादाचा फोटो त्यावर अडकवला आणि खाली उतरून बघत राहिली. फोटोच्या बाजूला आतलं सिमेंट उघडं पडलं होतं. मी म्हटलं, "वहिनी, उद्या पुट्टी लावून घेऊ, दिसायचं नाही." तर ती म्हणाली, "राहू द्या तसंच. इथं कोणी राहते, हे दिसलं पायजे."