गळ्यात पडून रडणं

अख्ख्या देशाले हासवणारी शिरियल लिहिणारा कळंब तालुक्यात एकच माणूस हाये, अन् तो मी. आता लिहिता मले सहीपुरतंच येते, ते येगळं.

मी तोंडानं सांगो, साहेब टाईप करे. साहेब यवतमाळच्या वकिलाच्या घरचे, मोठे लेखक. म्हंजे बोटं लय जोरात चालत. मुंबईच्या त्या खोलीत सात खुर्च्या, सात शहाने. गावाकडचं सांगाले पगारावर ठेवलेला मी, दाराजवळ उभा.

एक दिवस एपिसोड अडला. मोलकरणीची माय गावावरून येते, पुढं काय? कोणालेच सुचेना. माह्या तोंडातून निंगून गेलं. आमच्या तांड्यात लय दिसानं माणूस भेटलं का बाया गळ्यात पडून सुरात रडतात. कोन मेलं, कोन राह्यलं, नावानिशी सांगतात.

साहेब म्हने, "रडून दाखव."

दाखवलं. माह्या मेल्या बापाच्या नावानं रडलो. दुसरं नाव सुचलंच नाही. सातही जण पोट धरून हासले.

"पुन्हा. मोबाईलमध्ये घेतो."

चार डाव रडलो. चौथ्या डावाले मीच हासलो. बापावर हासणारा लेखक! हार घाला लेकाले.

एपिसोड लागला. मोलकरणीची माय रडे, अन् वरून मशीनीतलं हासू चिपकवलेलं. हासाले माणसंही भेटली नाही त्यायले.

मंग होळीले तांड्यावर गेलतो. तिथं समद्यायनं तो एपिसोड पाह्यला होता. याडी, म्हंजे माही माय, दारात आली. मी गळा पुढं केला. ती मांगं फिरली, प्लास्टिकची खुर्ची आणून टाकली.

"बसा."

तलाठी आला का आमच्या घरी असंच म्हनतात. मी बसलो बी. लाज असती तं उभा राह्यलो असतो.

तेवढ्यात साहेबाचा फोन. "अरे, ते रडणं हिट झालंय! दर आठवड्याला टाकू. अजून चार-पाच प्रकार सांग."

"नाही."

"काय नाही?"

"रडणं नाही. हासणं बी नाही. आता माह्या तोंडातून तुमाले एक शब्द भेटनार नाही."

"अरे, तुला आम्ही माणसात आणलं!"

"माणसातच होतो, साहेब. तुमच्या खोलीत आलो अन् उठलो त्यातून."

फोन कापला. आता सांगीन तं माह्या नावानं सांगीन, नाहीतं मुका मरीन. छाती फुगवून याडीले समदं सांगतलं. चार डाव रडलो तेही. म्हटलं, "सोडली नं नोकरी, याडी!"

ती चुलीपुढून उठली बी नाही.

"पयल्याच डावाले काहून नाही सोडली?"