चंडोलांचा माळ

लग्न होऊन मी कळंब्याच्या बाजूला राहायला आले तेव्हा, सत्तरच्या सुमारास, तिकडं वस्ती विरळ होती. आमच्या दोन खोल्या, भिंतीला भिंत लागून चाचांचं घर आणि पुढं नुसता माळ. चाचा शिंपी होते. मोतीबिंदूचं एक ऑपरेशन फसलं, दुसऱ्या डोळ्याला ते कुणाला हात लावू देईनात. दिसायचं बंद झालं तसं मशीन विकून टाकलं आणि ते दिवसभर दारातल्या लिंबाखाली बसू लागले.

माळावर चंडोल होते. उन्हाळा लागला की गवताच्या बुडख्यात घरटी करायचे. नर गात गात सरळ आभाळात चढायचा, पार ठिपका होईपर्यंत. चाचा मान वर करून ऐकायचे. "आता वरनं सुटला बघा," म्हणायचे, आणि खरोखरच पाखरू दगडासारखं खाली यायचं. मला त्याचं काही विशेष वाटत नसे. गाणारं पाखरू, त्यात काय.

सासूबाई मुरगूडहून दरसाल तांदळाची पोती धाडायच्या. एका वर्षी उंदरांनी पोत्यांची चाळण केली. मी गाऱ्हाणं केलं, तर पुढच्या एस.टी.नं गावाकडच्या माणसाबरोबर त्यांनी दुरडीतून मांजरीचं पिल्लू पाठवलं. करड्या पट्ट्यांचं, तळहाताएवढं. लग्नाला चार वर्षं झाली होती, घरात मूल नव्हतं. ते पिल्लू माझ्या पदरात झोपायचं. चार-पाच महिन्यांत उंदीर संपले. मग एक दिवस तिनं उंबऱ्यावर पाखरू आणून टाकलं, अजून धडधडत होतं. मी तिला शाबासकी दिली, वर बशीभर दूध घातलं.

चाचांना वास आला की पंखांची फडफड ऐकू आली, कोण जाणे. संध्याकाळी म्हणाले, "वैनी, पाखरं अंड्यावर हाईत. तेवढं दोन म्हयनं मांजर कोंडून घाला की."

मी हसले. "चाचा, मांजराची जात ती. कोंडून ऱ्हाईल व्हय?"

त्यांनी तोंड माळाकडं फिरवलं.

ती व्याली. चार पिल्लं. कुणाला द्यायची म्हटलं की माझा जीव तुटायचा, म्हणून एकही दिलं नाही. वर्षाच्या आत त्यातलीही एक व्याली. घरात आठ मांजरं झाली. सगळ्यांना भाकरी-दूध मिळायचं, पोटं भरलेली असायची. तरी ती माळावर जायचीच. दारात पिसं पडायची, मी केराबरोबर लोटून टाकायची.

त्यानंतरच्या उन्हाळ्यात चाचा रोज विचारायला लागले, "आज गेला का वर एखादा?"

पहिल्यांदा मी खरं सांगितलं. मग त्यांचा चेहरा बघवेना. एक दिवस म्हटलं, "व्हय चाचा, आत्ताच गेला की."

"खोटं कशाला बोलता वैनी? माझं डोळं गेल्यात. कान हाईत अजून."

मला तोंड वर करवेना. दुपारी एकटीच माळावर गेले. इतकी वर्षं समोर राहून मी तिथं कधी पाऊल टाकलं नव्हतं. गवताच्या एका बुडख्याशी वाटीएवढं घरटं सापडलं. आत नुसता पिसांचा चोळामोळा. पुढं आणखी एक, तसंच. आमच्यातलं एक मांजर शेपटी उभारून माझ्या मागोमाग आलं होतं. ते त्या घरट्यात तोंड घालून हुंगायला लागलं.

मी घरी येऊन रडले. आमचे मालक म्हणाले, "रडतीस कशाला? सोडून येतो लांब." थोरली मांजरी तेवढी मी ठेवून घेतली. बाकीची पोत्यात घालून, सायकलीला बांधून त्यांनी कळंब्याच्या तळ्याकाठी नेऊन सोडली. "तिथं मासं हाईत, उपाशी मरायची न्हाईत," असं आल्यावर म्हणाले. मलाही ते पटलं. पटवून घेतलं.

पुढच्या वैशाखात मी वाकळा धुवायला तळ्यावर गेले. पाणी आटून काठ उघडा पडला होता. एक टिटवी डोक्यावर घिरट्या घालत ओरडत होती, थांबेचना. बघते तर दगडाआडून करडं मांजर निघालं, तोंडात टिटवीचं पिल्लू. मी नकळत घरी घालायची तशीच साद घातली. ते थबकलं. पिल्लू खाली टाकून पळत आलं आणि माझ्या पायांना अंग घासायला लागलं. पिल्लू मेलं होतं.

शेजारी धुणं धुणारी बाई म्हणाली, "लई मांजरं झाल्यात हितं. कुणी मेल्यांनी आणून सोडल्यात, एक अंडं ऱ्हाऊ देत न्हाईत."

मी वाकळ आपटत राहिले.

हे मी घरात सांगितलं नाही. चाचांना मात्र सांगितलं.  ते म्हणाले, "तळ्यावरचं मला हितनं ऐकू येत न्हाई, वैनी. ते तुमचं तुम्ही ऐका."

थोरल्या मांजरीला मी मग घराबाहेर सोडलं नाही. ती दारं ओरबाडायची, रात्रंदिवस ओरडायची. शेवटी खिडकीत बसायला शिकली आणि तिथंच म्हातारी होऊन मेली. चाचा तिच्याआधीच गेले. मग माळावर प्लॉट पडले, बांधकामं झाली. जुनी माणसं भेटली की म्हणतात, घरं आली आणि चंडोल गेले. मी मान डोलावते. घरांचा पहिला दगड पडायच्या आधी दोन उन्हाळे तो माळ मुका होता, हे सांगायला माझी जीभ रेटत नाही.