हॅरल्ड काकांचे छोटे रोल

हॅरल्ड काकांच्या मुलीचा, जूनचा फोन आला तेव्हा मी ऑफिसच्या पार्किंगमध्ये गाडी लावत होते. "बाबा गेले," ती म्हणाली, "सकाळी, झोपेतच..." हॅरल्ड काका त्र्याण्णव वर्षांचे होते. धक्का बसला असं म्हणणं खोटं ठरेल. तरी त्या दिवशी जागेवर जाऊन लॅपटॉप उघडला आणि काकाच आठवत राहिले. ही नोकरी मला मिळाली त्यात त्यांचा मोठा वाटा होता.

अमेरिकेत बॉथेल गावात आम्ही भाड्याने घर घेतलं तेव्हा ते आमचे शेजारी झाले. लांबट चेहरा, ताठ पाठ. तरुणपणापासून त्यांनी तीस वर्षं हॉलिवूडमध्ये कामं केली होती, पण नायकाचं एकही नाही. हॉटेलच्या काउंटरवर किल्ली देणारा, तारऑफिसातला क्लार्क, बँकेतला कॅशियर, आणि वय वाढल्यावर डॉक्टर, न्यायाधीश... वाक्यं दोन, फार तर तीन. मी नागपूरच्या सवयीने पहिल्याच भेटीत त्यांना काका म्हणून गेले. अर्थ सांगितला तर खूश झाले. म्हणाले, आजवर मला कुणी नात्यातला रोल दिला नव्हता.

दोन वर्षांपूर्वी माझा ले-ऑफ झाला. आम्ही व्हिसावर, म्हणजे साठ दिवसांत दुसरी नोकरी नाही तर सामान बांधायचं. नवऱ्याचा, सुहासचा व्हिसाही माझ्यावरच अवलंबून, आणि लेक रेवा नुकती पहिलीत गेलेली. दोन इंटरव्ह्यू दिले, दोन्ही फसले. दुसऱ्यानंतर मी मागच्या अंगणात रडत बसले होते, ते काकांनी कुंपणापलीकडून पाहिलं. सांत्वन वगैरे काही केलं नाही. उद्या दुपारी माझ्या जेवणाच्या टेबलाशी ये, मी तुझा इंटरव्ह्यू घेतो, असं सांगून टाकलं.

दुसऱ्या दिवशी ते कोट घालून बसले होते. समोर मी पाठवलेली सॉफ्टवेअरच्या नोकरीची जाहिरात. त्यातला एकही शब्द त्यांना कळत नव्हता, पण 'क्लाउड मायग्रेशन' असं काही म्हणाले की जणू फाशीची शिक्षा सुनावताहेत. मी हसले, मग पाठ केलेलं उत्तर घडाघडा म्हणून दाखवलं. त्यांनी कागद खाली ठेवला. "मी बोलायचं कधी थांबतो, याची तू वाट बघत होतीस," ते म्हणाले. "मी काय बोललो, ते ऐकलंस का?" ऐकलं नव्हतं. आम्ही रोज दुपारी बसायला लागलो.

एकदा मी विचारलं, एवढं करूनही नाही जमलं तर? तेव्हा त्यांनी आईची गोष्ट सांगितली. एका चित्रपटात त्यांना पहिल्यांदाच चांगला मोठा प्रसंग मिळाला होता. तो बघायला आई नेब्रास्काहून दोन दिवस बसने आली. दोघं थिएटरात शेवटपर्यंत बसले... आणि प्रसंग आलाच नाही. एडिटिंगमध्ये कापला होता, त्यांना कुणी कळवलंही नव्हतं. बाहेर फुटपाथवर आईकडे बघायची त्यांची हिंमत होईना. तिने विचारलं, "काम नीट केलं होतंस ना?" ते हो म्हणाले. "मग झालं तर. चल, जेवून घेऊ." पुढच्या सोमवारी ते दुसऱ्या ऑडिशनला गेले.

तिसरा इंटरव्ह्यूही फसला. मुदत संपायला नऊ दिवस उरले असताना माझा चौथा इंटरव्ह्यू झाला. एका प्रश्नाचं उत्तर मला येत नव्हतं. पूर्वी मी काहीतरी ठोकून दिलं असतं. या वेळी मात्र नीट ऐकून घेतलं, येत नाही म्हणून सांगितलं आणि उलट दोन प्रश्न विचारले. पुढचा अर्धा तास मी आणि इंटरव्ह्यू घेणारा मिळून ते कोडं सोडवत होतो. तिसऱ्या दिवशी ऑफर आली.

गेल्या महिन्यात लायब्ररीच्या छोट्या हॉलमध्ये काकांसाठी सगळे जमलो. जूनने मिळाले तेवढे त्यांचे सगळे प्रसंग शोधून एकापाठोपाठ एक जोडले होते. काळ्याभोर केसांचा एक पोरसवदा तरुण काउंटरवर किल्ली ठेवतो, लगेच तोच जरा भरलेल्या अंगाने नोटा मोजतो, मग चष्मा, मग कानाशी पिकलेले केस, मग न्यायाधीशाचा झगा... बावीस मिनिटांत एक माणूस आमच्यासमोर हळूहळू म्हातारा झाला. दिवे लागले. काकांना आजोबा म्हणणारी रेवा माझ्या मांडीवरून उतरली आणि सरळ जूनपाशी गेली.

"कॅन वुई सी इट अगेन?"

जूनने डोळे पुसले, तिला शेजारच्या खुर्चीत बसवलं आणि दिवे पुन्हा मालवायला सांगितले.